काळाच्या प्राध्यापकांना आमच्या धुऱ्यावर पाठवा

मा. संपादक साहेब, नमस्कार.

तुमची रविवारची पुरवणी आमच्या गावात सोमवारी पोचते. पेपरवाला पोरगा मेहकरहून दोन दिवसांचे अंक एकदमच आणतो, त्यामुळे आम्ही तसेही एक दिवस मागंच जगतो. तर त्या पुरवणीत काळ मागे-पुढे करण्यावर संशोधन करणाऱ्या प्राध्यापकांची गोष्ट चालू आहे ना, तिच्याबद्दल लिहायचंय. तिन्ही भाग वाचले. वाचले म्हणजे कसे, सध्या हरभऱ्याला पाणी द्यायची आमची रात्रपाळी आहे, लाइन येईपर्यंत विहिरीजवळ घोंगडी पांघरून बसायचं, बॅटरीच्या उजेडात पेपर वाचायचा, ऑटो स्विचनं मोटर उचलली की पेपर खिशात आणि पाय चिखलात.

गोष्ट रंगते, त्यात वाद नाही. पण ते प्राध्यापक मला खोटे वाटतात. मशीन खोटी असली तरी चालते हो, गोष्टच आहे ती, पण माणूस तरी खरा पाहिजे ना. तीस वर्षं काळाचा अभ्यास केला म्हणे, आणि तीस वर्षांत एकदाही कंटाळा नाही, गणित चुकत नाही, पगार कुठून येतो पत्ता नाही. दार उघडलं की निळा उजेड आणि साहेब थेट १९८७ सालात, गेलेल्या बायकोला परत आणायला. बरं, ती होती तेव्हा याला काय म्हणायची ते एका ओळीत तरी येऊ द्या. रात्री दोन वाजता वहीत डोकं घालून बसणाऱ्या माणसाला बायको काहीतरी म्हणतेच, माझी तर पाण्याची पाळी असून म्हणते.

मी काही शास्त्रज्ञ नाही, बी.एस्सी. सेकंड इयरला सोडलं आणि वावर सांभाळलं, पण फिजिक्सचा नाद काही सुटला नाही. काळाशी खरोखर खेळलेले लोक कसे होते ते सांगतो. १९७१ च्या ऑक्टोबरात हाफेले आणि कीटिंग नावाचे दोघं अमेरिकन चार अणुघड्याळं, म्हणजे अणूंच्या ठोक्यावर चालणारी अगदी अचूक घड्याळं, घेऊन निघाले, साध्या प्रवासी विमानांतून, आपण एसटीत कडब्याची पेंढी ठेवतो तशी सीटवर ठेवून. घड्याळांची तिकिटं वेगळी काढली, नाव लावलं मिस्टर क्लॉक. एक चक्कर पृथ्वीभोवती पूर्वेकडून, एक पश्चिमेकडून. परत येऊन जमिनीवरच्या घड्याळांशी ताडून पाहिलं तर पूर्वेकडे गेलेली घड्याळं ५९ नॅनोसेकंद मागं पडली होती आणि पश्चिमेकडची २७३ नॅनोसेकंद पुढं गेली होती. नॅनोसेकंद म्हणजे सेकंदाचे शंभर कोटी तुकडे केले तर त्यातला एक. एवढ्यासाठी दोघं पेट्या सांभाळत जगभर हिंडले! मला तर निळ्या उजेडापेक्षा हेच जास्त थरारक वाटतं. आणि वेगानं काळाची चाल बदलते या ज्याच्या गणितावर ही धावपळ झाली तो आइन्स्टाइन १९०५ साली बर्नच्या पेटंट ऑफिसात नोकरी करत होता, लोकांचे अर्ज तपासत. तुमच्या प्राध्यापकांना किमान एक साहेब तरी द्या, रजा नामंजूर करणारा.

आणि हे सगळं लांबचं समजू नका. धुऱ्यावर, म्हणजे बांधावर, उभं राहून पीक पाहणीचा फोटो काढतो तेव्हा मोबाईलला आपलं वावर कसं सापडतं? वीस हजार किलोमीटर वरच्या उपग्रहांमधल्या घड्याळांवरून. ते जोरात पळतात म्हणून त्यांचं घड्याळ रोज ७ मायक्रोसेकंद (एक मायक्रोसेकंद म्हणजे हजार नॅनोसेकंद) मागं पडतं, पण तिथं पृथ्वीची ओढ कमी म्हणून ४५ पुढं जातं, हिशेब ३८ चा उरतो आणि तो आधीच दुरुस्त करून ठेवलाय. नसता केला तर एका दिवसात दहाएक किलोमीटरचा फरक, माझा हरभरा लोणार तालुक्यात निघाला असता.

लोणारवरून आठवलं. प्राध्यापक परदेशातच का फिरतात, इकडे आणा की. आमच्या सरोवराचं वय आधी ५२ हजार वर्षं सांगायचे, मग आर्गॉनच्या पद्धतीनं मोजलं तर ५ लाख ७० हजार आलं, दहापटीचा घोळ. काळाच्या अभ्यासकाला दोन जन्म पुरेल एवढं काम पडलंय इथं.

आजोबांना ही गोष्ट वाचून दाखवली असती तर ते म्हणाले असते, यात नवीन काय. भागवत सप्ताहात ऐकलेली रेवतीची कथा ते सांगायचे, राजा ककुद्मी मुलीसाठी स्थळ विचारायला ब्रह्मलोकी जातो, तिथं गाणं चालू असतं म्हणून क्षणभर थांबतो, तेवढ्यात खाली सत्तावीस चतुर्युगं उलटतात आणि मनात धरलेली सगळी स्थळं मरून जातात. मुलीच्या बापाचं तोंड कसं झालं असेल ते आजोबा करून दाखवायचे. (यावरून आपल्याकडं आइन्स्टाइनची रिलेटिव्हिटी आधीच होती असले मेसेज मला पाठवू नका. कथा भारी आहे, तेवढं पुरे.)

काळ मागं नेणारा माणूस मी आयुष्यात एकच पाहिला, माझे मोठे मामा. मामेबहिणीच्या लग्नाचा मुहूर्त ११ वाजून ३५ मिनिटांचा आणि वरात नाचत नाचत आली एक वाजता. भटजी पंचांग आपटून मोकळे झाले. मामा खुर्चीवर चढले, मांडवातलं भिंतीचं घड्याळ काढलं, मला म्हणाले, "मुहूर्त काई पयून नाई गेला, घड्याय मांगं घे." मी काटे फिरवले. भटजींनी घड्याळाकडं पाहिलं, मामांकडं पाहिलं आणि अंतरपाट धरायला सांगितलं. संसार छान चाललाय, दोन नातवंडं आहेत.

असा एखादा मामा पुढच्या भागात घाला एवढं लेखकाला कळवा. आणि शेवट काय होतो ते मधल्या वारी बातमीत फोडू नका, आम्हाला सोमवारी कळू द्या.

आपला,
एक कास्तकार वाचक
ता. मेहकर, जि. बुलढाणा