वसई किल्ल्यातल्या चर्चच्या घंटा कुठे गेल्या, तेवढं बोर्डावर लिहा साहेब

मा. केंद्रीय सांस्कृतिक मंत्री महोदय,
सप्रेम नमस्कार.

मी वसईचा आणि माझं आजोळ वाईचं. हे आधीच सांगतो कारण पत्राचा अर्धा विषय वसईत आहे आणि अर्धा वाईला.

लहानपणी मे महिन्यात आजोळी गेलो की मामा मेणवलीला न्यायचा. नाना फडणवीसांचा वाडा, मागे कृष्णेचा घाट आणि घाटावर एक भलीमोठी घंटा. घंटेवर एक बाई, तिच्याजवळ बाळ, आणि आकडा १७०७. मामा म्हणायचा देवी आहे, नमस्कार कर, मी करायचो. सुट्टी संपली की परत वसईला, आणि तिथे मित्रांसोबत रविवारी किल्ल्यात क्रिकेट, पडक्या चर्चच्या भिंतीला बॉल लागला की फोर. त्या चर्चच्या मनोऱ्यात घंटा का नाही हा प्रश्न एकदाही पडला नाही बघा. कॉलेज संपल्यावर कुठेतरी वाचलं की मेणवलीची ती घंटा वसई मोहिमेतली लूट म्हणून सांगतात आणि ती देवी म्हणजे मेरी, बाळ म्हणजे येशू. शेजारच्या ख्रिस्ती आजीला मोबाईलवर फोटो दाखवला, तिने झूम करून करून बघितला आणि म्हणाली, अरे ही तर आमची मावली, तिकडे काय करते?

साहेब, त्या प्रश्नाचं उत्तर किल्ल्यात मराठीत लिहून ठेवा, एवढंच माझं मागणं आहे.

आता थोडा इतिहास, तुम्हाला माहीत असेलच पण पत्र बाकीचेही वाचतील. १५३४ मध्ये गुजरातच्या बहादूरशहाने वसई पोर्तुगीजांना दिली आणि त्यांनी दोनशे वर्षांत किल्ल्याच्या आत पूर्ण शहर वसवलं. फ्रान्सिस्कन, जेझुइट, डॉमिनिकन, ऑगस्टिनियन, प्रत्येक पंथाचं आपापलं चर्च आणि मठ, शिवाय सेंट जोसेफचं मुख्य चर्च. या सेंट जोसेफच्या दारावर पोर्तुगीज भाषेत कोरलेलं आहे की १६०१ साली, आलेइशो द मेनेझिस आर्चबिशप असताना, या चर्चची डागडुजी झाली. म्हणजे चारशे वर्षांपूर्वीच्या लोकांनीही रिपेरिंगचा बोर्ड लावला होता हो! फ्रान्सिस्कन चर्चात पायाखाली थडग्यांचे दगड आहेत, नावं आणि सालं कोरलेले, लोक त्यावर बसून वडापाव खातात. मीही खाल्लाय, खोटं कशाला बोलू.

आणि जेझुइटांचं चर्च, ज्याच्या दाराला ते कोरीव खांब आहेत आणि जिथे सगळे प्रीवेडिंगचे फोटो काढतात, त्या जेझुइटांच्या शाळेत गोन्सालो गार्सिया शिकला. आई वसईची, बाप पोर्तुगीज. पोरगा जपानला गेला, व्यापार केला, मग मनिलात फ्रान्सिस्कन झाला आणि ५ फेब्रुवारी १५९७ ला नागासाकीत त्याला क्रुसावर मारलं. १८६२ मध्ये तो संत झाला, भारतातला पहिला. आमच्या गावचा मुलगा ना हा! पण मागच्या महिन्यात पुण्याचं एक कुटुंब त्याच दारात मला विचारत होतं की हा कुठल्या राजाचा वाडा.

मग १७३९. चिमाजी अप्पांचा वेढा, सेबास्तियन बुरुजाखालचे सुरुंग, आणि ते वाक्य, किल्ला मिळत नसेल तर तोफेने माझं डोकं तरी आत जाऊन पडू दे. ते खरंच बोलले की नाही देव जाणे पण वसईत ते पोराटोरांना पाठ आहे. मे महिन्यात किल्ला पडला. तहात पोर्तुगीजांना शस्त्रांसकट जाऊ दिलं आणि जे ख्रिस्ती मागे राहतील त्यांना आपला धर्म पाळायची मुभा दिली, हे मात्र कोणाला पाठ नाही. घंटा हत्तींवरून निघाल्या म्हणतात. एक नाशिकला नारोशंकराच्या देवळावर, तिच्यावर साल १७२१, गोदावरीला पूर आला की पाणी घंटेपर्यंत गेलं का ते नाशिककर बघतात. एक भीमाशंकरला, साल १७२९. आणि आमची मेणवलीची १७०७. सगळी सालं १७३९ च्या आधीची, हिशोब बरोबर बसतो.

चर्च काही एका दिवसात पडली नाहीत. भाविक गेले, छपराची लाकडं गेली, मग इंग्रज आले, एकोणिसाव्या शतकात किल्ल्यात साखर कारखान्याचाही प्रयोग झाला, आणि उरलेलं काम पावसाने आणि पिंपळाने केलं. पिंपळाचं मूळ भिंतीत कसं शिरतं ते जवळून बघायला हवं, आधी सुतळीएवढं असतं, दगडाच्या सांध्यातला चुना खात खात आत जातं आणि पाच-सहा पावसाळ्यांनी मनगटाएवढं होऊन दगडच बाहेर ढकलतं. वरवर फांद्या छाटून काही होत नाही, मूळ मारावं लागतं, आणि मग सांधा चुन्यानेच भरायचा, सिमेंटने नाही. सिमेंट कडक, ओल आत कोंडते.

घंटा परत आणा असं मी म्हणत नाहीये, आधीच सांगतो, नाहीतर कमेंटमध्ये मारामारी सुरू होईल. पोर्तुगीजांनीही इथली देवळं पाडली, लोकांना छळलं, आणि विजय मिळाल्यावर चिमाजींच्या नवसाचं वज्रेश्वरीचं देऊळ उभं राहिलं ते उगाच नाही. घंटा आहेत तिथे छान आहेत, अडीचशे-पावणेतीनशे वर्षं तिथली माणसं त्यांना नमस्कार करतायत, त्या आता त्यांच्याही झाल्या. फक्त दोन्हीकडे लिहा. वसईत प्रत्येक चर्चसमोर मराठीत एक बोर्ड, हे कोणाचं, कधीचं, कसं पडलं, आणि इथल्या घंटा कुठे गेल्या. आणि ज्या ज्या गावात अशी घंटा आहे तिथे, देवस्थानाला विचारून, एक छोटी पाटी. त्याआधी तज्ज्ञ पाठवून सगळ्या घंटांची एक यादी करून घ्या, फोटो, साल, अक्षरं सगळं, कारण गावोगावी "आमची घंटा वसईची" असं सांगतात आणि त्यातल्या खऱ्या किती ते एकदा तपासायलाच हवं. यासाठी मी एका ऑफिसात अर्ज दिला होता, उत्तर आलं की किल्ला एका खात्याचा, देवळं दुसऱ्याची, विषय आमच्या कक्षेत नाही. म्हणून तुम्हाला लिहितोय, खाती जोडणं तुमच्याच हातात आहे ना.

वसईला आलात तर दुपारी नका येऊ, फार तापतं. सकाळी या, सेंट जोसेफच्या मनोऱ्याखाली उभे राहून वर बघा.

आपला,
एक वसईकर

ता. क. शेजारची आजी मेणवलीला येते म्हणतेय. गुडघे दुखतात तिचे, पण दिवाळीनंतर नेतो म्हणालोय. तोवर तिथे पाटी लागली तर तिला वाचून दाखवीन, नाहीतर मीच सांगेन.