मुठीला बांधलेलं पेन

प्रिय अव्या,

तुझं पत्र मिळालं. ‘मालिका लिहितो हे चारचौघांत सांगायला लाज वाटते’ असं तू दोनदा लिहिलंयस, म्हणून हे उत्तर जरा लांबणार. चहा घेऊन बस. तुला डेनिस पॉटर भेटवायचाय, आयुष्यभर टीव्हीसाठी लिहिणारा इंग्रज नाटककार.

जन्म १९३५ चा, इंग्लंडात ग्लॉस्टरशायरमधल्या फॉरेस्ट ऑफ डीनच्या बेरी हिल गावात. बाप कोळशाच्या खाणीत. पोरगा हुशार, ऑक्सफर्डला पोचला आणि तिथेच पंचाईत झाली: ना धड घरचा, ना धड तिथला. १९५८ मध्ये बीबीसीच्या एका कार्यक्रमात हे तुटलेपण तो बोलून बसला. सात वर्षांनी त्याचंच नाटक केलं, तेही टीव्हीसाठी: ‘स्टँड अप, नायजेल बार्टन’. त्यात मुलगा आईबापाशेजारी बसून टीव्हीवर स्वतःचीच मुलाखत बघतो. पडद्यावर तो ऐटीत बोलतोय आणि इकडे बापाचा चेहरा उतरत चाललाय. मुलाला तिथून पळताही येत नाही.

रंगभूमी सोडून टीव्हीच का, तर खाणीतला मजूर आणि ऑक्सफर्डचा प्राध्यापक एकाच संध्याकाळी एकच गोष्ट बघतील अशी जागा त्याला दुसरीकडे दिसेना. नाटकाचं तिकीट त्याच्या बापाने थोडंच काढलं असतं!

पंचविशी उलटली आणि सोरायसिसने गाठलं, कातडी आणि सांधे दोन्ही. १९६४ ला मजूर पक्षातर्फे निवडणूक लढवून हरला होता. पुढे दुखण्याने राजकारण सुटलंच, लेखन उरलं. बोटं मुठीसारखी आखडली. फार बिघडलं की हाताला पेन बांधून लिहायचा.

त्याची ‘पेनीज फ्रॉम हेवन’ (१९७८) ही मालिका तू बघच. आपण प्लेबॅकवर वाढलेलो, ओठ हलवण्याचं आपल्याला काय नवल? पण आपल्या हिरोला गाणं बेतून मिळतं, आवाजही बहुधा पुरुषाचाच. पॉटरचा आर्थर गाण्यांची छापील नोटेशन्स विकत फिरणारा. बायकोने झिडकारलेलं, आणि सकाळी सकाळी त्याच्या तोंडून चक्क बाईचा आवाज, तीसच्या दशकातली घासलेली रेकॉर्ड! आधी हसू येतं. मग कळतं की या माणसाकडे स्वतःचे शब्दच नाहीत, सुखसुद्धा उसनं आणलंय.

‘द सिंगिंग डिटेक्टिव्ह’ (१९८६) या मालिकेत तर स्वतःचंच दुखणं. हॉस्पिटलच्या खाटेवर सोललेल्या कातडीचा लेखक (नट मायकेल गॅम्बन), आणि राउंडला आलेले डॉक्टर अचानक गाऊ लागतात. सगळंच जमलं असं नाही हं. ‘ब्लॅकआइज’ ही मालिका स्वतः दिग्दर्शित केली आणि टीकाकारांनी सोलून काढलं. मला विचारशील तर त्यात चूक टीकाकारांची नव्हती. ‘ब्रिमस्टोन अँड ट्रीकल’ हे टीव्हीनाटक मात्र बीबीसीने १९७६ ला ऐनवेळी रोखलं ते थेट १९८७ ला दाखवलं. तुझ्या चॅनलने एक सीन कापला म्हणून तू आठवडाभर जेवला नव्हतास, आठवतं?

शेवटचं. फेब्रुवारी १९९४ मध्ये कॅन्सर कळला. त्या गाठीचं नाव त्याने ठेवलं रुपर्ट, वृत्तपत्रसम्राट रुपर्ट मर्डॉकवरून! मार्चमध्ये मेल्व्हिन ब्रॅग या टीव्ही-निवेदकाने मुलाखत घेतली. बोटांत सिगारेट, शेजारी मॉर्फिनची बाटली. मध्येच घोट घेतो आणि खिडकीबाहेरच्या फुललेल्या झाडाबद्दल बोलतो, इतका पांढरा बहर आपण कधी पाहिलाच नव्हता म्हणून. त्यातच सांगून टाकलं, दोन मालिका लिहितोय, बीबीसी आणि चॅनल फोर या दोन प्रतिस्पर्ध्यांनी मिळून दाखवाव्यात. मेच्या शेवटी बायको मार्गारेट कॅन्सरनेच गेली, ७ जूनला तो. दोन्ही मालिका लिहून झाल्या होत्या, आणि १९९६ मध्ये दोन्ही चॅनलांनी खरंच दाखवल्या.

रविवारी ये, ती मुलाखत लावू. आणि ते अर्धवट टाकलेले एपिसोड घेऊन ये, मला वाचायचेत.

तुझा,
नंदू