प्रेमकथेमागची रयत

महोदय,

आपल्या रविवार पुरवणीत युरोपीय रंगभूमीविषयी आलेल्या लेखात जर्मन नाटककार गेऑर्ग ब्यूख्नर यांच्या 'लेऑन्स आणि लेना' या 1836 मधील नाटकाची बोळवण 'हलकीफुलकी राजेशाही प्रेमकथा' एवढ्या शब्दांत केली आहे. कथानकापुरते ते खरे आहे. पोपो राज्याचा राजपुत्र आणि पिपी राज्याची राजकन्या परस्पर ठरवलेल्या लग्नाला कंटाळून पळून जातात, एकमेकांची ओळख नसताना प्रेमात पडतात आणि मुखवटे चढवून परतल्यावर नेमके तेच लग्न लावून बसतात.

परंतु 1834 मध्ये याच लेखकाने जर्मनीतील हेसन या संस्थानाच्या शेतकऱ्यांसाठी गुप्त पत्रक लिहून त्यांच्या करांचा पैसा कुठे मुरतो, याचा आकड्यांनिशी हिशेब मांडला होता आणि पुढच्याच वर्षी अटक टाळण्यासाठी त्याला फ्रान्समधील स्ट्रासबुर्गला पळावे लागले होते, हे विसरून नाटक वाचता येत नाही. एका दगडावर लागोपाठ 365 वेळा थुंकणे हेच दिवसाचे काम मानणारा राजपुत्र, प्रजेची आठवण राहावी म्हणून रुमालाला गाठ मारणारा आणि ती गाठ कशासाठी मारली हेच विसरणारा राजा, दिवाणखान्याच्या खिडकीतून ज्याच्या सीमा दिसतात असे राज्य, ही सारी थट्टा त्या हिशेबाचीच पुढची पाने आहेत.

तिसऱ्या अंकात लग्नाच्या स्वागतासाठी शेतकऱ्यांना रस्त्याकडेला उभे केले जाते. हाती फांद्या दिलेल्या असतात आणि शाळामास्तर त्यांच्याकडून जयजयकार घोटवून घेत असतो. वरातीची गाडी जाईपर्यंत बोटांनी नाक शिंकरायचे नाही, अशी ताकीदही मिळते. कार्यक्रमपत्रिकेनुसार ही मंडळी स्वखुशीने जमलेली, खाऊनपिऊन सुखी आणि समाधानी आहेत. प्रत्यक्षात त्यांना वाऱ्याच्या अशा दिशेला उभे केले आहे की, राजवाड्याच्या मुदपाकखान्यातून येणारा भाजलेल्या मांसाचा वास आयुष्यात एकदा तरी त्यांच्या नाकाशी यावा. एवढ्या मोजक्या संवादांत दरबारी औदार्याचे इतके निर्दय वर्णन मी अन्यत्र वाचलेले नाही.

(हे नाटक एका प्रकाशकाच्या स्पर्धेसाठी लिहिले गेले होते, मुदत उलटल्याने पाकीट न फोडताच परत आले. परीक्षकांचे एका अर्थी बरेच झाले.)

या प्रवेशात प्रेमिक नाहीत, त्यामुळे प्रयोग आटोपशीर करताना पहिली कात्री यालाच लागण्याची भीती असते. पुरवणीतील लेखात तरी त्याला दोन ओळी मिळायला हव्या होत्या.

आपला,
एक नाट्यरसिक, सांगली