कोनो जिल्ह्यातील त्या सुभेदारसाहेबांस

सुभेदारसाहेब, सादर नमस्कार.

खरे तर हे पत्र लिफाफ्यात घालून तुमच्याकडे पाठवायला हवे होते; परंतु तुमचा पत्ता माझ्याजवळ नाही, आणि असता तरी मे 2025 मध्ये भारताने पाकिस्तानातून येणारे टपाल थांबवल्यामुळे तुमचे उत्तर माझ्यापर्यंत पोहोचले नसते. म्हणून हे आभार चारचौघांत मांडते आहे.

22 मे 2004 रोजी पश्चिम आफ्रिकेतील सिएरा लिओनमध्ये स्थानिक परिषदांच्या निवडणुका झाल्या; संयुक्त राष्ट्रसंघाच्या स्वयंसेविका म्हणून मी तेथील कोनो जिल्ह्यात होते, आणि तुम्ही तेथे संयुक्त राष्ट्रसंघाच्या शांतिसेनेतील पाकिस्तानी तुकडीत होता. 1972 मध्ये या परिषदा बरखास्त झाल्यानंतर सरकारने नेमलेल्या समित्याच कारभार पाहत होत्या (प्रशासकांचे राज्य म्हणजे काय, हे महाराष्ट्रातील वाचकांना वेगळे सांगायला नको), आणि सत्ता अशी राजधानी फ्रीटाऊनमध्ये एकवटणे हे तेथील गृहयुद्धाच्या कारणांपैकी एक असल्याचे तेथील सत्य व सलोखा आयोगानेही नोंदवले आहे. मतपत्रिका कोणी, कशा पोहोचवल्या याची टिपणे सरकारी कागदांत असतील. तुम्ही काय केलेत, ते मात्र त्यांत सापडणार नाही.

सकाळपासून पावसाची भुरभुर चालू होती. शाळेतील मतदान केंद्रापासून बऱ्याच अंतरावर, लाल मातीच्या रस्त्यावर तुमची गाडी उभी होती. उजवा हात मनगटापासून तोडलेली एक प्रौढ बाई त्या रस्त्याने आली, तुमचा गणवेश आणि बंदूक पाहून जागीच थिजली आणि मागे वळू लागली. स्थानिक पोलिसाने हाक मारली, तशी ती आणखीच घाबरली. तेव्हा एक शब्दही न बोलता तुम्ही बंदूक साथीदाराकडे दिलीत, त्याला गाडीच्या पलीकडे जायला खुणावलेत, निळे शिरस्त्राण काढून बाजूला ठेवलेत आणि रस्त्याच्या कडेला, चिखलातच, तिच्याकडे न पाहता उकिडवे बसलात. ती बराच वेळ तशीच उभी राहिली. मग तुमच्या समोरून, थोडे अंतर राखून, केंद्राकडे गेली. डाव्या हाताच्या बोटाला शाई लावून ती परतेपर्यंत तुम्ही उठला नाहीत.

तिची भीती अनाठायी नव्हती. 1996 मध्ये लोकांनी मतदान करू नये म्हणून बंडखोर त्यांचे हात तोडत होते, तेव्हा त्या देशात संयुक्त राष्ट्रसंघाच्या शांतिसेनेचा एकही सैनिक नव्हता. 1999 च्या लोमे शांतता करारात त्याच बंडखोरांचा म्होरक्या फोडे संकोह याला माफी आणि वर उपराष्ट्रपतीचा दर्जा देण्यात आला, आणि ज्यांनी हा करार घडवून आणला त्यांनी शांतता प्रस्थापित झाल्याचे समाधान मानले. वर्षही उलटले नाही तोच शेकडो शांतिसैनिक ओलीस धरले गेले. कैलाहूनमध्ये वेढ्यात अडकलेली भारतीय तुकडी बाहेर काढण्यासाठी जुलै 2000 मध्ये ‘ऑपरेशन खुकरी’ करावे लागले. पुढे भारतीय सैन्य परतले आणि पूर्व भागात तुमचे सैन्य आले. ज्यांनी कोणत्याही गणवेशावर विश्वास का ठेवावा असा प्रश्न पडावा, अशा माणसांमध्ये तुम्हाला काम करायचे होते, आणि हे तुम्हाला कोणी शिकवले असेल असे मला वाटत नाही. सैनिकाने शस्त्र खाली ठेवणे हा नियमभंग ठरला असता. शस्त्र साथीदाराकडे देऊन तुम्ही नियमही पाळलात आणि माणुसकीही.

संध्याकाळी मी आभार मानायला आले, तर “बहनजी, चाय लीजिए” एवढे बोलून तुम्ही विषय बदललात आणि सांगलीत पाऊस कधी सुरू होतो, हे विचारत बसलात. त्या चहात साखर भरमसाट होती, हेही सांगायचे राहून गेले. आपल्या दोन देशांत पुढे जे जे घडत गेले, त्यातील प्रत्येक प्रसंगी, संतापाच्या भरातही, मला तुमची आठवण झाली आहे, आणि ती नाकारणे मला जमलेले नाही.

कराचीत आजही मराठी बोलणारी काही कुटुंबे आहेत. त्यांपैकी कोणाच्या वाचनात हे आले आणि 2004 मध्ये कोनोत असलेले एखादे निवृत्त सुभेदार त्यांच्या ओळखीचे असले, तर त्यांनी एवढा मजकूर उर्दूत वाचून दाखवावा, ही विनंती.

आपली ऋणी,
एक माजी स्वयंसेविका, सांगली