सड्यावरची फिल्म चाकरमान्यांना दाखवा

मा. संपादक साहेब, नमस्कार.

पर्यावरणावर डॉक्युमेंटरी करणाऱ्या कलाकारांवर तुमच्या रविवारच्या पुरवणीत लेख आला तो वाचला, चांगलाय, पण सगळा लेख फेस्टिवल आणि अवॉर्डच्या अंगाने गेलाय म्हणून हे लिहितोय. आमच्या राजापूरकडे कॅमेरेवाले येतात ते दोन प्रकारचे. एक पावसात ड्रोन घेऊन येणारे, धबधबा, भातशेती, पडवीत बसलेली एक म्हातारी, झाली फिल्म. दुसरे काही पेटलं की येणारे, २०२३ च्या एप्रिलमध्ये बारसूला रिफायनरीसाठी माती परीक्षण चालू होतं तेव्हा सड्यावर (म्हणजे गावाच्या वरच्या अंगाचं उघडं कातळाचं पठार) कॅमेरेच कॅमेरे, नंतर पोलिसांच्या गाड्या गेल्या आणि हे पण गेले.

तिसरा प्रकार म्हणजे सड्यावर वर्षभर थांबणारा, तो क्वचित. आमच्या बाजूचा एक पोरगा असं काम करतोय (नाव देत नाही, त्याला आवडायचं नाही). कॅमेरा एकाच जागी, महिना बदलतो आणि सडा बदलतो, एवढंच. पण खरं सांगायचं तर सड्याची गोष्ट दुसऱ्या कुठल्या पद्धतीने सांगताच येत नाही. मे महिन्यात बघितलात तर काळा पडलेला जांभा दगड आणि वाळकं गवत, सातबाऱ्यावर पोटखराब म्हणजे लागवडीला निकामी, पाहणीला येणारे साहेब लोक पण उन्हाळ्यातच येतात मग त्यांना तरी दुसरं काय दिसणार. तोच कातळ पाऊस सुरू झाला की दीपकाडीच्या पांढऱ्या फुलांनी भरतो, आणि ही कोंकण दीपकाडी आपल्या कोकणपट्टीतलीच हां, बाकी जगात नाही. मग श्रावण-भाद्रपदात गेंद आणि सीतेची आसवं, ती जांभळी एवढीशी फुलं, मातीत नायट्रोजन कमी म्हणून ते रोप पाण्यातले बारके जीव पकडून खातं. आणि हेच पाणी जांभ्यातून झिरपत खाली वाडीतल्या विहिरींना येतं. भाषणात सांगितलं तर कंटाळा येतो, पडद्यावर बघितलं की पोरंसुद्धा गप्प बसतात. शौनक सेनने दिल्लीच्या घारींवर फिल्म केली, २०२२ ला कान्समध्ये बक्षीस मिळालं, त्यात दोघे भाऊ जखमी घारींवर उपचार करत राहतात आणि दिल्लीची हवा आपोआप कळते. आपल्याकडच्या फिल्ममध्ये मात्र तो जड आवाजातला निवेदक कुठून येतो देव जाणे.

अजून एक, फक्त कंपनीला शिव्या घालणारी फिल्म अर्धवट असते. सुरुंग लावून कातळात खड्डे काढून, विकतची माती भरून हापूसची कलमं लावणारे आपलेच, जांभ्याचे चिरे काढायच्या खाणी पण आपल्याच पावण्यांच्या. मशीन फिरलं की त्यात कातळशिल्पं, म्हणजे कातळावर कोरलेली जुनी चित्रं, पण जाऊ शकतात, आणि बारसू, देवाचे गोठणे, कशेळी ही आमच्या तालुक्यातली ठिकाणं २०२२ ला युनेस्कोच्या संभाव्य यादीत गेलीयत.

आता मुद्द्याचं. पूर्वी टॉकीजला पिक्चरच्या आधी सरकारच्या फिल्म्स डिव्हिजनची रीळ लागायची, लोक तेवढ्यात शेंगदाणे आणायला जायचे ते सोडा, पण गावच्या माणसाच्या डोळ्यासमोर यायची तरी. आता ते डिव्हिजन एनएफडीसीत (राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात) विलीन झालं आणि कोकणावरची फिल्म बघायची तर मुंबई-पुणे गाठा, तिथे पण सबटायटल इंग्लिश. मला विचाराल तर सड्यावरची अशी फिल्म सगळ्यात आधी बघायला पाहिजे चाकरमान्यांनी. का, तर सड्याच्या जमिनी सामायिक, सातबाऱ्यावर पंधरा-वीस नावं, त्यातली निम्मी नालासोपारा-डोंबिवलीत, आणि एजंट सह्या घ्यायला तिकडेच जातो. ज्याने सडा फक्त मे महिन्याच्या सुट्टीत बघितलाय तो माणूस सही करणारच हो, दगड विकून पैसे येतायत म्हटल्यावर कोण नको म्हणेल. गणपतीला हे सगळे घरी असतात आणि सडा पण नेमका तेव्हाच फुललेला असतो, सकाळी वर नेऊन दाखवा आणि रात्री आरती-भजन आटोपलं की फिल्म लावा. नमन-खेळे बघायला पहाटेपर्यंत बसणारी माणसं तासभर फिल्म बघणार नाहीत असं होणार नाही. पडदा आणि जनरेटरचं आमच्या वाडीतलं मंडळ बघेल, जेवणाखाण्याची पण सोय होईल, फिल्मवाल्यांनी पेन ड्राइव्ह घेऊन यावं. तुमच्या पेपरने असे फिल्मवाले आणि गावं यांची गाठ घालून दिली तर पुढच्या गणपतीतच सुरुवात करता येईल.

एक वाचक, ता. राजापूर, जि. रत्नागिरी