तेगेल तुरुंगातल्या पाळकाविषयी : एक आभारपत्र

आदरणीय फादर,

सप्रेम नमस्कार.

दादरच्या आमच्या वाचकमंडळात हाराल्ड पोएलशाऊ यांच्याविषयी बोलायचे ठरल्यावर, वसईहून लोकलच्या गर्दीतून येऊन आपण माझी टिपणे ओळ न् ओळ तपासून दिलीत, त्याबद्दल मंडळातल्या सर्वांसमक्ष आपले आभार मानावेत म्हणून हे पत्र लिहीत आहे.

पोएलशाऊ १९३३ साली, हिटलर सत्तेवर आल्यानंतर काही महिन्यांतच, बर्लिनच्या तेगेल तुरुंगात पाळक म्हणून रुजू झाले आणि पुढच्या बारा वर्षांत हजाराहून अधिक माणसांना त्यांनी मृत्यूच्या दारापर्यंत सोबत केली. आपण मात्र पहिलाच प्रश्न विचारलात, "त्यांना पगार कोण देत होतं?" स्वतः वर्षानुवर्षे कैद्यांना भेटणाऱ्या माणसालाच तो सुचावा. पगार सरकारचाच होता. कैदी शांतपणे गेला की मारणाऱ्यांचेही काम सोपे होते, आणि राजीनामा दिला तर शेवटच्या घटकेला कोठडीत कोणीच येणार नाही, या कात्रीत त्यांनी ती वर्षे काढली. सप्टेंबर १९४३ मध्ये बर्लिनच्याच प्लोट्झेनझे तुरुंगातल्या फाशीघरात एकाच रात्रीत आठ-आठ जणांच्या गटांनी १८६ माणसे फाशी दिली गेली, तेव्हाही ते तिथे होते.

तेगेलमध्ये कैदेत असलेले हिटलरविरोधक हेल्मुट मोल्टके आणि त्यांची पत्नी फ्राया यांची एकमेकांना लिहिलेली पत्रे तपासनिसांना चुकवून ते कोठडीतून बाहेर आणि बाहेरून आत नेत. फ्राया यांनी ती पुढे मधमाश्यांच्या पेट्यांत लपवून राखली. हेल्मुट मोल्टके यांना २३ जानेवारी १९४५ रोजी फाशी झाली. पोएलशाऊंनी ज्यूंनाही आसरा मिळवून दिला आणि १९७१ साली याद वाशेम या ज्यू-संहाराच्या स्मृती जपणाऱ्या इस्रायलमधील संस्थेने त्यांचा गौरव केला. पण या धाडसाने फाशीघरातल्या हजेरीचा हिशेब चुकता होतो असे मानण्याची घाई करू नये, असे आपण बजावलेत, आणि माझ्या भाषणाचा कणा तोच झाला. कोणाला देवपण देणे किंवा सरकारचा माणूस म्हणून झटकून टाकणे, दोन्ही सोपे असते. आपण मला त्या दोन्हींपासून दूर ठेवलेत.

भाषणानंतरची चर्चा बराच वेळ रंगली. मंडळातल्या काहींना तुरुंगभेटींविषयी आपल्याशीच बोलायचे आहे, तेव्हा सवड काढून पुन्हा दादरला यावे, ही विनंती.

आपली नम्र,
मंडळातील एक वाचक