गिरणी संपाची दृश्ये तारखेसह दाखवा

महोदय,

१८ जानेवारी १९८२ ला सुरू झालेल्या मुंबईतील कापड गिरणी कामगारांच्या संपावरील कार्यक्रमांत हल्ली कुठलीही कृष्णधवल गर्दी खपवली जाते. १९७२ च्या दुष्काळातील खडी फोडणाऱ्या बायाही लालबागच्या म्हणून दिसतात! वर करुण सनई. सुमारे अडीच लाख कामगारांची ही थट्टा आहे. भांडी गहाण पडली, पोरांच्या शाळा सुटल्या, खाणावळवाल्या बायांनी उधारीवर जेवू घातले, ते कुठे आहे? केंद्र सरकारच्या फिल्म्स डिव्हिजनने मुंबईतूनच वर्षानुवर्षे समाचारपट काढले. ते जरूर वापरा (त्यातही सरकारी नजर असतेच), पण प्रत्येक दृश्यावर तारीख आणि ठिकाण लिहा. चाळींतले साक्षीदार अजून हयात आहेत. चित्रीकरण त्यांना दाखवून खातरजमा करा.

– एक वाचक, लालबाग, मुंबई